पोथीत नसलेलं नाव

गोरखपूर, जबलपूर
१२ नोव्हेंबर २०२३

ती. स्व. ताईस,
नीलकंठचा शि. सा. न. वि. वि.

पत्रास कारण की, तुझ्यामुळे माझ्या घरची फोडणी बंद पडली आहे. बाळाचं डोकं गोल व्हावं म्हणून मोहरीची उशी करा असं तू फोनवर सुचवलंस, आणि त्याच दुपारी डब्यातली सगळी मोहरी उशीत गेली. तेव्हापासून मी नुसत्या जिऱ्यावर जगून राहिलो. नातीचं डोकं गोल होत आहे आणि माझं वरण विधवा झालं आहे. दाद कोणाकडे मागावी ते कळव.

नात उत्तम. वजन सव्वातीन किलो, आवाज त्याहून भारी. तब्येतीचं एवढंच. आता मुद्द्याचं, जे फोनवर बोलता येत नाही, कारण माझा फोन आपल्या सूनबाई, म्हणजे माधवी, चार्जिंगला लावतात आणि मेसेजही त्याच वाचून दाखवतात. म्हणून हे पोस्टाने.

मुलीचं नाव मायरा ठरलं आहे, असं मला कळवण्यात आलं. मी अर्थ विचारला. माधवीने फोन पुढे केला. एक वेबसाइट म्हणते नाव लॅटिन, दुसरी म्हणते अरबी, तिसरीने बेधडक संस्कृत लिहिलं होतं. तेहतीस वर्षं संस्कृत शिकवतो आहे, आमची कुठे गाठ पडली नाही. अर्थ म्हणे ‘लाडकी’. कोणत्या धातूपासून, असं मी विचारलं, तर म्हणाली, बाबा, नेट पर लिखा है. आमच्या शाळेच्या नर्सरीत आधीच तीन मायरा आहेत. बाई त्यांना मोठी, छोटी आणि चष्मेवाली म्हणतात. चौथी आपली.

जेवताना मी म्हणालो की रांझीच्या कारखान्यात माणसाला नाव नसतं, टोकन नंबर असतो. तिथल्या बापाच्या लेकीला नावाची काय पारख? आमचे चिरंजीव अतुल हसले. ती पोळ्या वाढत राहिली.

अतुलला बहीण नाही, तेव्हा आत्याचा मान तुझा. १७ डिसेंबरला बारसं आहे. आत्या कानात सांगेल ते नाव, इथे वेबसाइटचं काही चालत नाही. तू ‘मैत्रेयी’ म्हण, आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हण. जन्मदाखल्याचा फॉर्मही माझ्याकडेच आला आहे, अक्षर चांगलं म्हणून. त्यातही तेच लिहितो.

जिऱ्याच्या फोडणीतही तुझ्या लोभाची चव असू दे.

तुझा,
नीलकंठ


वर्धा
२० नोव्हेंबर २०२३

चि. नीलकंठास अनेक आशीर्वाद.

पत्र पोचलं. जिरं खाऊन राहिला ते बरंच आहे, पित्त तरी उतरेल. एवढा मोठा पंडित आणि दुकानातून पावभर मोहरी आणवत नाही काहून?

नावाचं मी करते. त्यात घाबरण्यासारखं काही नाही. सहा वर्षांआधी अंजनी नावाची पोरगी घरात आली होती, आठवते का? अतुलने तांदळाच्या ताटात अंगठीने ‘माधवी’ लिहिलं, तूच त्याला सांगून ठेवलं होतंस. अंजनी ही वानराची आई, आमच्या घरात माकडं नकोत, असं तू मांडवात म्हणालास. किती हसले लोक! तिचा बाप बळीराम, तोही हसला बिचारा. न हसून करतो काय? पोरगी न्हाणीघरात जाऊन रडून आली आणि मग पंगतीत तूप वाढलं. चार दिवसांत विसरली. हेही विसरेल.

सुनांना विसरायची सवय लावावी लागते. मला लावली होतीच. माहेरचं नाव घेऊन मला शेवटची हाक कोणी मारली, ते मलाच आठवत नाही, तुला कुठून आठवेल? जाऊ दे.

मैत्रेयी चांगलं आहे. येताना मोहरी आणते.

अतुलला आशीर्वाद, बाळाची दृष्ट काढत जा.

तुझी,
विनीता


गोरखपूर, जबलपूर
२६ डिसेंबर २०२३

ती. स्व. ताईस,
सा. न. वि. वि.

तू सुखरूप पोचलीस हे कळलं. बायकांनी तुझ्या पाठीवर घातलेले धपाटे अजून दुखतात म्हणतेस. आत्यापणाचा तेवढा कर भरावाच लागतो. पण काय आवाज लावलास! शेजारच्या गच्चीवर वाळवण करणाऱ्या बाईलाही मैत्रेयी ऐकू गेलं.

भिंतीवरचे सोनेरी फुगे तू पाहिलेसच. माधवीने दोन दिवस आधी स्वतः सदर बाजारातून आणले होते, मायरा नावाची चार इंग्रजी अक्षरं. तू नाव सांगितलंस आणि सगळे एकदा बाळाकडे, एकदा भिंतीकडे पाहू लागले. तेव्हा मी म्हणालो की पहिलं अक्षर कामाचं आहे, बाकीची फोडा. चाळीस माणसं हसली. अतुलने टाचणी घेतली आणि हसत हसत तीन फुगे फोडले. आवाजाने मैत्रेयी दचकून रडली, तिला पाळण्यातून माधवीने उचललं. तू स्टेशनला निघाल्यावर माधवीने फुटलेले तुकडे वेचून घडी घालून ठेवले. काटकसरी आहे.

त्यानंतर तिने पाहुण्यांची भांडी घासली, उरलेले पेढे डब्यात भरले. काल बाळाला घेऊन रांझीला गेली, चार दिवस माहेरी राहते म्हणून. फॉर्म मी अतुलकडे दिला आहे, तो नगर निगममध्ये जमा करेल. एकूण तुझा अंदाज बरोबर निघाला.

घरात फार शांतता आहे. पाठ शेकत जा आणि भावाला मनात ठेव.

तुझा,
नीलकंठ


रांझी, जबलपूर
३० जानेवारी २०२४

आदरणीय बाबांना नमस्कार.

मला मराठी लिहिता नीट येत नाही, घरात बोलतो तेवढीच येते. चुका असतील, तुम्ही काढालच.

मी वापस येणार नाही. अतुल घ्यायला आले होते, तीन वेळा आले. पहिल्या दोन वेळा तुमचा निरोप घेऊन आले. तिसऱ्या वेळी निरोप नाही आणला, माफी मागितली. आता इथेच दोन खोल्या पाहून राहिलो. तुम्ही भरलेला फॉर्म त्यांच्या बॅगमध्येच होता, जमा केला नव्हता. मी नवा भरला. दाखला मिळाला. मुलीचं नाव मायरा आहे. आईचं नाव अंजनी.

तुम्ही विचारलं होतं ना, हे नाव काहून? अर्थ लाडकी लिहिला आहे, तो खरा की खोटा, मला फरक पडत नाही. नऊ महिने मी शोधत होते. मला असं नाव पाहिजे होतं जे तुमच्या एका पण पुस्तकात नसेल. बस, एवढंच. त्याला तुम्ही हसू शकता, पण ते तुमचं होऊ शकत नाही.

माधवी पण चांगलं नाव आहे, बाबा. सहा वर्षांत तुम्ही एकदा पण मला त्या नावाने हाक मारली नाही. ‘ऐकते का’ म्हणत होते. माझं नाव काढून घेतलं, आणि जे दिलं ते वापरलं पण नाही.

मुलीला भेटायला तुम्ही येऊ शकता. दरवाजा उघडा आहे. पण तिला मायरा म्हणावं लागेल. दुसरं नाव मी तिच्या कानावर पडू देणार नाही.

मोहरीची उशी अलमारीत खालच्या खणात आहे. तिचं डोकं गोल झालं. मोहरी आता तुम्ही फोडणीला घ्या.

अंजनी


गोरखपूर, जबलपूर
१५ सप्टेंबर २०२४

ती. स्व. दीपाताईस,
नीलकंठचा शि. सा. न. वि. वि.

दचकू नकोस. तुझं नाव मला आठवतं. मी चौदा वर्षांचा होतो तेव्हा त्या नावाने तुला शेवटची हाक मारली, तुझ्या लग्नाच्या सकाळी. नंतर सगळे विनीता म्हणू लागले आणि मी ताईवर भागवलं. तू वर्ध्याहून आणलेली मोहरी संपली. मग उशी उसवली. मूठभर मोहरी तेलात टाकणार होतो, पण तिला दुधाचा वास येत होता. परत भरून शिवून टाकली. शिवण पाहिलीस तर हसशील.

परवा रांझीला गेलो. आठ महिने लागले, कारण एक नाव उच्चारायचं होतं. आरशासमोर सराव केला. एवढा सराव मी मुलांकडून विभक्ती पाठ करून घेतानाही केला नाही.

बळीरामने खुर्ची दिली, स्वतः जमिनीवर बसला. अतुल कामावर होता. मुलगी आता रांगते. एवढा सराव करून गेलो, आणि तोंडातून निघालं मैत्रेयी. तिने पाहिलं नाही. हट्टाने पुन्हा म्हणालो. अंजनी ओट्याशी भाजी चिरत होती. हात न थांबवता म्हणाली, “बाबा, त्या नावाचं इथे कोणी राहत नाही.”

बळीराम या वेळी हसला नाही. मान खाली घालून बसला. ती लाज माझ्यासाठी होती, हे मला कळलं.

मग मी मायरा म्हणालो. मुलगी लगेच वळली. माझ्याकडे बराच वेळ पाहिलं, बसमध्ये समोर बसलेल्या माणसाकडे पाहतात तसं. आणि रांगत बळीरामच्या मांडीवर जाऊन बसली. चहा झाला. अंजनीने साखर बरोबर घातली होती, माझी दीड चमचा ती विसरलेली नाही. बाकीचंही काही विसरलेली नाही. निघताना परत या म्हणाली नाही, येऊ नका असंही म्हणाली नाही.

तुझ्या गुडघ्याचं कळव. रागावली असशील तरी पत्र लिही, इथे दुसरं कोणी लिहिणारं नाही.

तुझा,
नीलकंठ

ता. क. फोडणी, फुगे, नर्सरीतल्या मायरा, हे सगळं सोड. मी रात्रंदिवस ज्याची काळजी करतो ते एवढंच आहे. ती मुलगी मोठी होईल, आजोबा कसे होते असं आईला विचारेल. अंजनी खोटं बोलत नाही. आणि सांगण्यासारखी एकही चांगली गोष्ट मी तिच्याजवळ ठेवलेली नाही.