निवलेली कॉफी

प्रिय मुकबिल,

घाबरू नकोस, सगळे धडधाकट आहेत. घरून पत्र आलं म्हणजे कोणीतरी गेलं, असंच तुम्हा फौजेतल्या लोकांना वाटतं, म्हणून हे आधी लिहून टाकलं. अक्षराला हसायचं असेल तर खुशाल हस. सुट्टीवर यायचास तेव्हा वाळूत बोटाने गिरवून तू मला, तुझ्या बहिणीला, जेवढं शिकवलंस तेवढ्यावरच माझा कारभार चालला आहे. वाळू हाताने सारखी केली की चूक गेली, इथे कागदावर खाडाखोड राहतेच. विहिरीवरच्या ठाण्यात, सरकारी टेबलाशी, सरकारी शाई घेऊन बसले आहे. इथे काय करते आहे ते सांगेन, पण आधी घरचं ऐक.

यंदा पाऊस आपल्या बाजूला पडला. पांढऱ्या उंटिणीला मादी पिल्लू झालंय आणि ते आईच्या मागोमाग थेट तंबूत शिरतं. आईचे गुडघे कुरकुरतात, जीभ मात्र ठणठणीत आहे. राजधानीतून ट्रकमधून तू पाठवलेला चहा आणि निळ्या कागदातली साखर पोचली. आईने तो साखरेचा मोठा खडा मांडीवर घेतला, त्याला थोपटलं आणि म्हणाली, "आलास रे बाळा अमानहून? दमला असशील. बापाला भेटलास का?" बायका हसून हसून लोळल्या, आणि मग आईच रडायला लागली. गेल्या वसंतापासून तू घरी आला नाहीस. दर वेळी ट्रकवाल्याकडून एकच निरोप, काम फार आहे. असेलही. आपले अमीर आता राजा झाले, नवं राज्य उभं करायचं म्हणजे काम असणारच. बाबा तर म्हणाले, "राजा झाला ते चांगलंच झालं, आता पाऊस सरहद्दीच्या कुठल्या बाजूला पडायचा ते तेवढं त्याने ठरवावं." पण तू कामामुळे येत नाहीस असं मला वाटत नाही.

तो चष्मेवाला इंग्रज मेजर तुला आठवत असेलच. त्याच्याआधी सरकार म्हणजे आपल्याला विमान ठाऊक होतं. दक्षिणेकडून धाड यायची, आपले उंट हाकून न्यायची, आणि आपण उलट धाड घालायला निघालो की विमान डोक्यावर घिरट्या घालायचं. मग शिक्षा म्हणून उरलेले उंट सरकार न्यायचं. म्हणून हा गडी एकटाच, बंदुकीशिवाय, उंटावर हिंदकळत आला तेव्हा आम्ही बायकांनी पडद्याआडून त्याला काय काय म्हटलं ते सरकारी शाईने लिहिण्यासारखं नाही. कॉफीचा पेला हलवून परत दिला की 'पुरे', एवढंही त्याला माहीत नव्हतं. आपला चुलतभाऊ नहार मुद्दाम ओतत राहिला आणि तो बिचारा भिडेखातर पीत राहिला. डोळे पांढरे व्हायला आले तेव्हा बाबांनीच त्याचं मनगट धरून पेला हलवला. पण माणूस चिवट. पुन्हा पुन्हा आला. मांडी घालून बसायला शिकला, उंटिणींची नावं शिकला, कोण कोणाचा मामा हे त्याला नहारपेक्षा बरं कळायला लागलं. परका होता, हुकूम त्याच्याच लोकांचा चालत होता, आणि हे त्याने कधी लपवलं नाही. तरी मला त्याचं कौतुक वाटायचं, आजही वाटतं.

आणि मग तो दिवस. नहारने ओतलं, आणि मेजरने पेला ओठांना न लावता समोर जमिनीवर ठेवला. आपल्यात पाहुणा पेला असा ठेवतो तो काही मागायचं असतं म्हणून, आणि घरधनी होकार देईपर्यंत तो पीत नाही. न पिता उठून गेला तर घरधन्याला चारचौघांत तोंड दाखवायला जागा उरत नाही. हे त्याला कोणी शिकवलं होतं कोण जाणे. सगळ्यांना वाटलं, आता लुटीतले उंट परत मागणार. बाबा ते बाबाच. मागणं ऐकायचीसुद्धा वाट पाहिली नाही. "पी तुझी कॉफी. मागशील ते दिलं." त्याने पेला संपवला, नीट हलवला आणि म्हणाला, "शेख तुराद, तुमचा मुलगा द्या. वाळवंटातले शिपाई वाळवंटातलेच हवेत, नाहीतर या राज्यात काही अर्थ नाही." आईने माझा दंड असा आवळला की नखं उमटली. तुला तेव्हा नुकती मिसरूड फुटत होती. बाबांनी एकदा तुझ्याकडे पाहिलं. "दिला," म्हणाले. आई नंतर कित्येक दिवस त्यांच्याशी बोलली नाही. बोलली तेव्हा एवढंच म्हणाली, "उंट मागितले असते तर मी स्वतः दावी सोडून दिली असती."

तू पहिल्यांदा सुट्टीवर आलास तो खाकी पायघोळ झगा, लाल कमरपट्टा आणि चांदीच्या मुठीचा खंजीर लावून. काय तो रुबाब! आई तुझ्यावर रागवायचं ठरवून बसली होती आणि पट्ट्यावरची धूळ पुसत राहिली. तुझ्या मागून आपली आणखी पोरं गेली, एके काळी एकमेकांच्या उंटांवर टपलेली, ती एका ताटातला भात खायला लागली. धाडी थांबल्या. माझ्या वयाच्या बायकांना विधवा होण्याची सवय होती रे. माझ्या मुली धाड हा शब्द फक्त गोष्टींत ऐकतात. हे कोणी केलं, तर तुम्ही पोरांनी केलं. इंग्रजाने मागितलं हे खरं, पण राबलात तुम्ही.

आता गेल्या वसंताचं. त्याबद्दल आपण कोणीच बोलत नाही, म्हणून मीच बोलते. आपल्याकडे करपलं होतं आणि सरहद्दीपलीकडे गुडघाभर गवत उगवलं होतं. बाबांचे आजोबा त्याच गवतावर उंट चारत. सरहद्दीच्या, चुना फासलेल्या त्या दगडांपाशी तुझी गाडी उभी होती. तू खाली उतरलास, बाबांच्या हाताचं चुंबन घेतलंस आणि म्हणालास, "बाबा, उंट वळवा. पलीकडे जायचा हुकूम नाही." नहार ओरडला, "बापाला अडवतोस? सरकारचं मीठ इतकं गोड लागलं?" तुझा चेहरा मी उंटावरून पाहत होते. बाबांनी तुझ्याकडे न पाहता आपला उंट वळवला आणि सगळा कळप त्यांच्यामागे वळला. त्या उन्हाळ्यात बरीच पिल्लं गेली, आणि तू अमानला बदली मागून घेतलीस. तुला वाटलं, बाबांनी तुला तोडलं.

गाढवा, त्या संध्याकाळी शेकोटीशी काय झालं ते तुला कोणी सांगितलंच नाही. नहार पुन्हा सुरू झाला तसे बाबा म्हणाले, "मी त्या इंग्रजाला पोर दिलं ते सगळ्यांसमोर. आज पोराने मला जाऊ दिलं असतं, तर मी सडका माल दिला असं झालं असतं. त्याने माझा शब्द राखला. पुन्हा त्याचं नाव काढशील तर माझ्या शेकोटीशी बसू नकोस." मुकबिल, मी बाबांना पुष्कळ वेळा पाहिलंय, धाडीवरून जिंकून येतानाही. पण इतकं ताठ बसलेलं कधी पाहिलं नव्हतं. मग त्यांनी निरोप का पाठवला नाही, असं तू विचारशील. मीही विचारलं. म्हणाले, "दिलेलं परत मागतात का कधी?" ईद आली आणि गेली. ट्रकची धूळ दिसली की ते उठून उभे राहायचे, आणि मग उंटाची दोरी तपासायला उठल्यासारखं करायचे.

आज सकाळी त्यांनी ठेवणीतला झगा काढला आणि मला सोबत घेऊन इथे आले. ठाण्यावर सध्या साहेब म्हणून रशाद एफेंदी आहे, सॉल्ट शहरातला, सालस पोरगा. त्याने अंगणात गालिचा घातला, कॉफी दिली. बाबांनी पेला जमिनीवर ठेवला. रशादला वाटलं कडू झाली, म्हणून त्याने साखर घालून दुसरी आणली! तीही जमिनीवर. मग घाबरून त्याने अमानला बिनतारी संदेश केला की वृद्ध शेख कॉफी घेत नाहीत. अमानहून उत्तर आलं, डॉक्टर पाठवावा काय? तेव्हा मी त्याला समजावलं की हे दुखणं नाही, मागणं आहे. त्याने अदबीने विचारलं. बाबा म्हणाले, "सरकारने माझ्या दारात पेला ठेवून पोर मागितलं, मी दिलं. आता मी सरकारच्या दारात बसलोय. पोर द्या. कायमचं नको, एका जेवणापुरतं द्या." रशाद म्हणाला, मला तो अधिकार नाही, आणि डोळे पुसत त्याने मला हे टेबल दिलं, या पत्रासाठी सामानाचा ट्रक थांबवून ठेवला. बाबा अजून अंगणात बसलेत. कॉफी केव्हाच निवली आहे, आणि ते उठायचं नाव घेत नाहीत. तेव्हा ये. सरकारच्या वतीने त्यांना 'प्या तुमची कॉफी' म्हणू शकेल असा एकच माणूस मला माहीत आहे. मागणं ऐकायची वाट पाहू नकोस. नवी कॉफी मी करून ठेवते, साखर कोणाला घालू देणार नाही.

वाट पाहणारी तुझीच,
फिद्दा