पुसलेले लाल ठिपके

नवापूर, रविवार, प्रार्थनेनंतर

प्रिय एस्तेर,

कागदावर माझं अक्षर बघून दचकू नकोस. घरी कुणाला काही झालेलं नाही. प्रिस्किला या पानांचे फोटो काढून तुला मोबाइलवर धाडणार आहे, म्हणजे जर्मनीला आजच पोचतील. 'तुझ्या मामेबहिणीला लिहिलेलं पत्र आहे, तू वाचायचं नाही,' असं तिला बजावलंय, म्हणजे तुझ्याआधी तीच वाचणार. फोन असताना पप्पांना पत्राची हौस कुठून आली, असं तुला वाटेल. सांगतो. दुकानात मी गिऱ्हाइकाला आधी चहा पाजतो आणि मग कामाचं बोलतो. तुझ्याशीही तसंच.

तू दुर्बिणीचं काम सोडून कायमची घरी येतेस, ही बातमी आता बाजारपेठेपर्यंत गेली. पाळकसाहेबांनी मंडळीत उभं राहून सांगितलं. शेजारच्या रुखमाबाईंनी भाजीची पाटी खाली ठेवली आणि म्हणाल्या, "पोर परत यी ऱ्हायनी ना दावीदभाऊ, आते तरी तू दोन येळ जेवशी." प्रिस्किलाने खिडकीजवळचा कॉम्प्युटर तुझ्यासाठी मोकळा केला. मीही काही कमी नाही. पाठ टेकता येईल अशी खुर्ची आणली आणि तिच्यावरचं प्लास्टिक तसंच ठेवलंय, तूच काढावंस म्हणून. महिनाअखेर तू तिथल्या मॅडमना राजीनामा देणार आणि पेटी भरणार, असं प्रिस्किला सांगते. आठवडाभर मी दुकानात शिट्टी वाजवत फिरलो. त्या खुर्चीत बसून तू काय करशील, एवढं मात्र मी स्वतःला विचारलं नाही.

तुझा पहिला फोटो आठवतो? नाताळाच्या आधी आला होता. अंतराळात फिरणाऱ्या दुर्बिणीने काढलेला, काळ्याभोर आकाशावर मूठभर नागलीचे दाणे फेकावेत तसे ठिपके. मी म्हटलं, पोरीचं काम गावाने बघायला पाहिजे. आपल्या मशीनला निघेल तेवढा मोठा फ्लेक्स काढायचा आणि चर्चच्या आवारात, गोठ्याच्या देखाव्यामागे बांधायचा. छापण्याआधी साफ करायला बसलो. आपल्या धंद्याची सवय तुला माहीत आहे. वाढदिवसाचा असो की श्रद्धांजलीचा, चेहऱ्यावरचा डाग, मस, सुरकुती काढल्याशिवाय फोटो मशीनला द्यायचा नाही. तुझ्या आकाशात बारीक लाल ठिपके फार होते. मला वाटलं, पाठवताना फोटो खराब झाला. एकेक करून सगळे पुसले. काळं कसं लख्ख केलं! व्हिडिओवर अभिमानाने दाखवलं, तर तू कपाळाला हात लावलास. "पप्पा, ते डाग नव्हते. आम्ही तेच तर शोधतोय. एकेक ठिपका म्हणजे एकेक आकाशगंगा, सगळ्यात लांबची. तुम्ही जगातली सगळ्यात जुनी वस्ती पुसून टाकलीत!" आई इतकी हसली, की तव्यावरची भाकर करपली.

फ्लेक्स मी पुन्हा काढला, सगळ्या ठिपक्यांसकट. तो बांधला त्या दिवशी नंदुरबारहून शाई घेऊन येणारा हिलाल बराच वेळ मान वर करून उभा. शेवटी म्हणाला, "हाऊ कोना वाढदिवस शे? भाऊना फोटू ऱ्हाई गया का?" मी म्हणालो, हे ज्याने केलं त्या भाऊला फोटो काढून घ्यायला आवडत नाही. मग त्याला तुझं काम सांगितलं, जेवढं मला कळलं होतं तेवढं. की ही दुर्बीण डोळ्याला न दिसणारा उजेड टिपते आणि रंग नंतर तुम्ही देता. ते तू पहिल्यांदा सांगितलंस तेव्हा मी लगेच बरोबरी केली होती, म्हणजे आमच्यासारखंच, सावळ्या नेत्याला गोरा करायचा. तू चिडलीस. म्हणालीस, "तुम्ही असलेलं झाकता, पप्पा. आम्ही असलेलं, पण न दिसणारं, दाखवतो." मला ते लागलं होतं. आज सांगतो.

आई अंथरुणाला खिळल्यावर तू दर रविवारी एक फोटो पाठवायचीस. मी तो छोट्या तुकड्यावर छापून तिच्या पलंगासमोर लावायचो. ती बोट ठेवून तुला फोनवर विचारायची, "इथे कोण राहतं?" तू म्हणायचीस, "माहीत नाही आई, शोधतेय." "शोध. पण जेवून शोध." शेवटच्या फोटोत धुराचे उंच खांब होते. त्यांच्या पोटात नवे तारे जन्मतात, असं तू समजावलंस. तिने फार वेळ बघितलं आणि आपल्या बोलीत म्हणाली, "बरोबर आहे. बाळंतिणीच्या खोलीत धूर पाहिजेच." पुढच्या रविवारच्या आधीच ती गेली. तू मातीला पोचू शकली नाहीस.

फ्लेक्सवाल्याच्या घरचं दुःख, त्याचाही फ्लेक्स हवाच. प्रिस्किलाने डोळे पुसत नकाराची मान हलवली, म्हणून मीच बसलो. आईच्या हनुवटीवरचा भाजल्याचा डाग तुला माहीत आहे. लग्नानंतरच्या पहिल्या वर्षी बारडोलीकडे ऊसतोडीला गेलो होतो, तिथल्या तीन दगडांच्या चुलीवरचा. माझा हात सवयीने चालला आणि डाग गेला. पडद्यावर एक बाई उरली, चांगली दिसत होती, पण माझी हन्ना नव्हती. मग डाग परत आणला. तो आणताना रडलो. तोवर रडलो नव्हतो.

त्यानंतर तुझे रविवारचे फोटो थांबले. तू म्हणालीस, "फोटो उघडला की वाटतं, मी कोट्यवधी वर्षांपूर्वीचा उजेड बघत बसले आणि आई..." पुढचं तू बोलली नाहीस, तरी मला ऐकू आलं. माझे कान तिखट, हे अख्खं नवापूर जाणतं. सुरतेला लूमवर होतो तेव्हा सगळ्या मागांच्या खडखडाटात कुठल्या मागावर गडबड आहे, ते मी पाठ फिरवून सांगायचो. म्हणून तर शेठने मला मजुराचा जॉबर, म्हणजे मागांवरचा मुकादम केलं, आणि त्या वाढीव पगारातूनच पुढे पाट्या रंगवायचे ब्रश आले, बोर्ड आले, दुकान आलं. फ्लेक्स मशीनचं नोझल तुंबलं तर मला समोरच्या चहाच्या टपरीवरून कळायचं. आणि तुझ्या 'हॅलो'वरून तू जेवलीस की नाही ते.

ते कान गेले, एस्तेर.

आधी चर्चमध्ये मी गीतात एक ओळ मागे पडू लागलो. मग काउंटरवर पाटी लावली, 'नाव स्वतः लिहून द्यावे, चूक होऊ नये.' लोकांना वाटलं, दावीदभाऊंनी धंद्यात शिस्त आणली. प्रिस्किलाने मात्र ओळखलं. बोलायचं असलं की ती माझ्या समोर येऊन, तोंड दिसेल अशी उभी राहायला लागली. व्याऱ्याच्या डॉक्टरांनी कागदावर लिहून समजावलं, हे लूमचं काम आहे, तरुणपणी कानावर पडलेलं आता उतारवयात दिसतंय. तुझ्या भाषेत सांगायचं तर तेव्हा निघालेला आवाज आत्ता पोचला. कानाचं मशीन लावून बघितलं. भांडी पडल्यासारखं ऐकू येतं, त्यात माणसाचा शब्द सापडत नाही. व्हिडिओवर तुझ्या ओठांवरून थोडंफार भागतं. साध्या फोनवर एकही शब्द कळत नाही. तरी मी तुझा सूर चढला-उतरला की अंदाजाने "हो, बरं, असं का" म्हणत राहिलो. तुला कळलं असतं, तर तू सगळं टाकून धावत आली असतीस, म्हणून.

मागच्या आठवड्यात तुझा असा साधाच फोन आला. तू बराच वेळ बोललीस, मग थांबलीस. मला वाटलं, तब्येत विचारतेस. मी नेहमीसारखं "हो बेटा, हो" म्हणालो. दुसऱ्या दिवशी प्रिस्किला समोर येऊन म्हणाली, "मामा, दीदी काम सोडून कायमची येतेय! तुम्हीच हो म्हणालात ना?" तेव्हा मला कळलं तू काय विचारलं होतंस. खरं तर त्याच क्षणी तुला कळवायला हवं होतं. पण त्या 'हो'ने मला अन्न गोड लागलं, म्हणून गप्प बसलो, आणि दुसऱ्याच दिवशी खुर्ची आणली. आता लिहितोय ते एवढ्यासाठी, की तो 'हो' मला परत घ्यायचा आहे. कानांचं सांगितल्यावर तुला उलट जास्तच यावंसं वाटेल, एवढा अंदाज मलाही आहे. पण ते न सांगता 'हो' कसा परत घेणार? तू आलीस तर माझ्या शेजारी बसून लोकांच्या वाढदिवसांची डिझाईनं करशील, कधी कुरकुर करणार नाहीस, आणि कधी केलीस तर ती मला ऐकूही यायची नाही. माझं भागतंय. हात चालतात, प्रिस्किला आहे, रुखमाबाई दटावायला आहेत. राजीनामा देऊ नकोस, बेटा. खोटं कशाला बोलू, त्या दिवशी नीट ऐकू आलं असतं तरी मी 'हो'च म्हणालो असतो. तुझ्या आवाजापुढे नाही म्हणणं मला आयुष्यात कधी जमलं नाही. कागदावर जमतंय, तेवढ्यात लिहून घेतो: येऊ नकोस. आणि हे वाचून लगेच व्हिडिओ लावू नकोस. तुझा चेहरा दिसला, तर मी पुन्हा हो म्हणेन.

तुझाच,
पप्पा