गिरणीच्या फाटकातला माणूस

धुळे, बुधवार, १३ डिसेंबर १९८९

माहितीपटासाठी इथल्या गिरणीची जुनी फिल्म तीन महिने शोधत होतो, ती आज मिळाली. नाना पूर्वी गावोगाव तंबूत सिनेमा दाखवायचे. त्यांच्या पेटीत ती पडून होती. फिल्म इतकी कडक झालेली की कुठेही तुटली असती. पण नानांनी प्रोजेक्टरवर लावली आणि भिंतीवर सगळं उमटलं. फाटकातून बाहेर पडणारे कामगार, त्यात एकजण टोपी सावरत हसणारा.

नानांच्या शेजारच्या सखूअक्का बघायला आल्या होत्या. त्या एकदम उठल्या.

"हाऊ मना बाप शे!"

त्यांच्या घरी वडिलांचा एकही फोटो नाही. "नाना, परत लावा ना."

नानांनी माझ्याकडे पाहिलं. दुसरी प्रत नाही. तुटली असती तर तीन महिने पाण्यात. तरी मी "लावा" म्हणालो. का म्हणालो? अक्कांकडे बघून नाही म्हणवलंच नाही.

अक्कांनी भिंतीला हात लावला, तर ते हसू त्यांच्या बोटांवर आलं. फिल्म शेवटपर्यंत टिकली. कुणाचे उपकार मानू?

निघताना अक्काच माझे आभार मानत होत्या. त्या हसण्याचा फोटो करून पाठवणार आहे. माझ्या यादीत 'गिरणी कामगार' एवढंच होतं. ते खोडून अक्कांनी सांगितलेलं नाव आत्ता लिहिलं: धोंडू आनंदा, सखूचे वडील.