फुलाबाईंच्या अंगणातला माहितीपट

४ फेब्रुवारी २०२५
पुण्याहून माहितीपटवाल्या सोनलबाई बारामतीत दाखल. वीस वर्षांत सात माहितीपट, सगळे अन्यायावर. नवरसांपैकी करुण तेवढाच भेटलेला दिसतो.

आता विषय इंदापूरकडच्या, डाळिंबं निवडून भरायच्या शेडातल्या बायका. तिथं बायकांना संडास नाही, ही बातमी नऊ वर्षांपूर्वी माझीच — तिथं कामाला असलेल्या फुलाबाईंच्या नावानिशी, फोटोसकट. पुरस्कार मिळाला, तो बैठकीत टांगलाय. सोनलबाईंना मुद्दाम त्याच्याखाली बसवलं. वर पाहिलंसुद्धा नाही.

६ फेब्रुवारी
वालचंदनगरच्या पुढं, फुलाबाईंच्या वस्तीवर. कॅमेरा पिशवीतच. सोनलबाई दिवसभर फुलाबाईंबरोबर वांगी तोडत बसल्या! ही म्हणे कामाची पद्धत. एवढ्या वेळात मी चार बातम्या आणतो.

फुलाबाईंचे सासरे बिरदेवआबा म्हणाले, "पाव्हणी कामाची हाय. पेपरवाले च्या पिऊन जात्यात."

११ फेब्रुवारी
कॅमेरा निघाला एकदाचा.

२ मार्च
नवं थेर. माहितीपट आधी ज्याच्यावर आहे त्याच्या अंगणात दाखवायचा आणि विचारायचं, "काय काढू?" मी म्हटलं, "अशानं शेवटी नुसतं नाव उरेल." म्हणाल्या, "दोनदा तेही उरलं नाही." म्हणजे दोन माहितीपट पेटीत पडून. कारकीर्द म्हणायची ही!

बुधवारी फुलाबाईंकडं दाखवणार. मलाही बोलावलंय. माझ्या बातमीशिवाय नांदी कशी व्हायची? परीटघडीचा सदरा काढून ठेवला.

५ मार्च
पडद्यावर माझं कात्रण आलं. सावरून बसलो. पाठोपाठ फुलाबाई, वांगी तोडताना:

"मी बोलले ते खरं हाय. पण नाव छापू का, म्हणून इचारलं न्हाय त्यांनी. दुसऱ्या दिवशी शेडचं दार बंद. माझं आन् वस्तीतल्या पाच जणींचं. अजून कुठल्या शेडात घेत न्हाईत."

माझ्याकडं कुणी वळूनही पाहिलं नाही. नऊ वर्षांत हे मला ठाऊक नव्हतं. सोनलबाई येईपर्यंत वस्तीवर परत गेलो होतो कधी?

सोनलबाईंनी विचारलं, "काय काढू?"

"सुनंला काढा. स्वप्नाली आत्ताच नव्या शेडात लागलीया, तिचं दार बंद नगं. माझं ऱ्हाऊ द्या." मग हनुवटीनं मला दाखवत, "आन् त्यांचंबी नाव आलंय की. त्यांना इचारा. त्यांचीबी नोकरी हाय."

६ मार्च
सकाळी सोनलबाईंचा फोन. "तुमचं नाव ठेवू की काढू? सावकाश सांगा."

संध्याकाळ झाली. अजून सांगितलेलं नाही.