मुख्य पंचांवरील माझा विजय रद्द होणेबाबत

प्रति,
मा. अध्यक्ष,
अपील समिती,
तापीकाठ बुद्धिबळ संघटना, सुरत.

अर्जदार : योगराज शालिग्राम बडगुजर, लूम कारागीर, रा. नवागाम, सुरत.

विषय : माझी मुलगी कु. गायत्री हिचा शेवटच्या फेरीतील काढून घेतलेला गुण परत मिळणेबाबत, तसेच अर्जदाराने मुख्य पंचांवर चुकून मिळवलेला विजय रद्द होणेबाबत.

संदर्भ : १) माझा याच विषयावरील पहिला अर्ज. २) आपल्या समितीने गेल्या रविवारी घेतलेली माझी परीक्षा.

महोदय,

सविनय सादर करतो की, गेल्या भेटीत आपण मूळचे अकोल्याचे असल्याचे समजले, म्हणून हा अर्ज मराठीत करण्याचे धाडस करीत आहे. माझी गुजराती तोंडाने बरी चालते, पण कागदावर लंगडते.

१. गायत्री इयत्ता आठवीत शिकते. बुद्धिबळ तिला माझ्या आईने, शोभाबाईने शिकवले. आई जुन्या देशी नियमांनी खेळते, त्यात राजाला एकदा घोड्यासारखी उडी मारण्याची मुभा असते. ती सवय सुटेपर्यंत गायत्रीने एक आख्खी स्पर्धा घालवली. त्यानंतर मात्र तिने मागे पाहिले नाही. नवागामच्या गणेश मंडळाच्या स्पर्धेत ती मोठ्यांच्या गटात पहिली आली. आंतरशालेय स्पर्धेत पहिली, भेस्तानच्या खुल्या स्पर्धेत आधी उत्तेजनार्थ आणि पुढच्याच वर्षी दुसरी. आंतरराष्ट्रीय मानांकन मिळवणारी आमच्या गल्लीतली ती पहिलीच. मानांकन म्हणजे काय हे गल्लीत कोणालाही ठाऊक नाही, तरी पेढे सगळ्यांनी खाल्ले.

आपल्या संघटनेच्या पंधरा वर्षांखालील मुलींच्या निवड स्पर्धेत शेवटची फेरी जिंकून ती दुसरी आली होती. पहिल्या दोघी राज्य स्पर्धेला जाणार आहेत. तो गुण काढून घेतल्यामुळे ती सहावी झाली. कारण मी.

२. मी लूमच्या, म्हणजे यंत्रमागाच्या खात्यात काम करतो. सुरतेत कारखान्याला खाते म्हणतात, हे आपणास माहीत असेलच. तिथे यंत्रांचा आवाज असा की शेजारच्याच्या कानात ओरडले तरी त्याला ऐकू जात नाही. म्हणून आम्ही कारागीर हातांनी बोलतो. धागा तुटला, मास्टर येतोय, चहा आला, सगळे हातांनी. ही सवय घरीसुद्धा सुटत नाही. भाजीत मीठ कमी आहे हेही मी हातानेच सांगतो, आणि बायकोही मला हातानेच उत्तर देते. गायत्री पाळण्यात होती तेव्हापासून ही भाषा जाणते.

स्पर्धेच्या दिवशी ती सकाळपासून उपाशी होती. मी दोरीच्या पलीकडे डबा घेऊन उभा होतो. सभागृहात बोलण्यास मनाई असल्याची पाटी होती. हातांबद्दल पाटीवर काहीही नव्हते. मी हाताने विचारले, डबा खातेस का? तिने हाताने सांगितले, नंतर. मी सांगितले, निदान पाणी पी. ती पाणी प्यायली, आणि मग तिने आपला हत्ती देऊन समोरच्या मुलीचा उंट मारला. त्या चालीने ती जिंकली. मुख्य पंच श्री. हसमुखभाई यांनी हत्ती पाहिला, माझा हात पाहिला, पण पाणी पाहिले नाही. "आ शुं इशारा चाले छे?" असे म्हणून त्यांनी मला बाहेर काढले आणि गायत्रीचा गुण काढून घेतला.

३. पहिल्या अर्जात मी एवढेच म्हटले होते की, मला बुद्धिबळ येत नाही, तेव्हा मी चाल सांगणार कशी? त्यावर आपल्या समितीने पुरावा मागितला. जिंकल्याचे पुरावे लोक भिंतीवर टांगतात, हरल्याचे कोणी जपून ठेवत नाही, हे आपणही मान्य कराल. तरीही माझी बुद्धिबळातील कारकीर्द थोडक्यात सादर करतो.

गायत्रीकडून मी ती सहा वर्षांची असल्यापासून हरतो आहे. सुरुवातीला लोकांना वाटे, लेकरासाठी मुद्दाम हरतो. तसे काही नव्हते. आईकडून दोन्ही नियमांनी हरलो. सासुरवाडीला गेलो असता मेहुण्याकडून हरलो, तेव्हा तो फोनवर बोलत होता. विश्वकर्मा पूजेला आमच्या खात्यात स्पर्धा झाली, त्यात माझा प्रतिस्पर्धी आलाच नाही. मला आयता पुढच्या फेरीत प्रवेश होता, पण मी दुसऱ्याच टेबलावर जाऊन बसलो आणि तिथे हरलो. माझे सहकारी श्री. पंडित यांनी लिहून दिले आहे की हा इसम हत्ती तिरका चालवतो. आईकडे निवेदन मागितले तेव्हा तिने अहिराणीत एवढेच सांगितले, "आमना योगराजले घोडा कसा चालस ते बी माहित नही." ते जसेच्या तसे लिहून खाली तिची सही घेतली आहे.

४. एवढ्यावर समितीचे समाधान झाले नाही. अर्जदाराने मुख्य पंचांबरोबर एक डाव खेळून दाखवावा, म्हणजे खरे काय ते कळेल, असे ठरले. मला आनंदच झाला. हरायचेच आहे, त्यात अवघड काय, असे वाटले. गायत्रीने निघताना सांगितले, "पप्पा, वेगळं काही करू नका. नेहमीसारखं खेळा, म्हणजे झालं." मी शपथेवर सांगतो की मी नेहमीसारखाच खेळलो.

मुद्दाम हरावे असे माझ्या मनातही आले नाही, कारण त्याची गरज नव्हती. हत्ती आणि घोड्यांच्या चाली ऐनवेळी आठवेनात, म्हणून त्यांना मी हातच लावला नाही. प्यादी ढकलली. वजीर बाहेर काढला आणि हसमुखभाईंच्या प्याद्याच्या माऱ्यात नेऊन ठेवला. तो त्यांनी मारायला हवा होता. पण ते वजिराकडे बघत राहिले, मग माझ्या हातांकडे, मग पुन्हा वजिराकडे. एवढा चांगला वजीर कोणी फुकट देत नाही, यात नक्की काहीतरी डाव आहे, असे त्यांना वाटले असणार. माझ्या प्रत्येक चुकीच्या चालीला त्यांना घाम फुटत होता. मी मात्र चाल केली की घड्याळाचे बटण दाबत होतो, कारण खात्यात हात सतत बटणावर असतो आणि तो आपोआप तिकडे जातो. असे करता करता हसमुखभाईंच्या बाजूच्या घड्याळात नुसती शून्ये उरली. वेळ संपल्यामुळे नियमाप्रमाणे ते हरले. मी जिंकलो.

आपल्या समितीतील एका सदस्याने टाळ्या वाजवल्या. त्या वाजवायला नको होत्या. हसमुखभाई उभे राहिले आणि म्हणाले, "आ तो छुपा रुस्तम छे!" त्यानंतर समितीने असे नोंदवले की अर्जदार निष्णात खेळाडू असून अज्ञानाचे ढोंग करीत आहे, सबब त्याचे इशारे चालींचेच होते.

महोदय, तेव्हापासून माझे जिणे कठीण झाले आहे. खात्यात कारागिरांनी हार घातला. शेठने हात मिळवला आणि आपल्या मुलाला शिकवाल का, असे विचारले. वयस्कर गटातील स्पर्धेत भाग घेण्याविषयी आपल्याच संघटनेचा फोन आला. आईने दोन दिवस माझ्याशी बोलणे सोडले. तिचे म्हणणे, जन्मभर हरलास आणि हरायचे होते तेव्हाच तुला अक्कल आली. गायत्री रडली नाही, रागावलीही नाही. जेवताना तिने फक्त विचारले, "पप्पा, जिंकायची काय गरज होती?" मला खूप वाईट वाटले, हे आपणास स्पष्ट सांगतो.

५. तरी विनंती की, समितीने एखाद्या दिवशी आमच्या खात्यात येऊन पाहावे. तासभर उभे राहिलात तर आपणही हाताने पाणी मागाल. ते शक्य नसल्यास, मुख्य पंचांबरोबर घड्याळाविना पुन्हा डाव ठेवावा. मी केव्हाही हरायला हजर आहे.

तेही शक्य नसल्यास शेवटची विनंती. हा माझ्या आयुष्यातला एकुलता एक विजय आहे. त्या संध्याकाळी घरी येताना मला तो आवडला होता, हेही लपवत नाही. पण तो मला नको. तो आपल्या दप्तरातून खोडावा, मी हरलो असे लिहावे, आणि राज्य स्पर्धेची नावे जाण्याआधी माझ्या मुलीचा गुण तिला द्यावा. तो तिने उपाशीपोटी मिळवला आहे.

आपला नम्र आणि आजवर सर्वांकडून पराभूत,
योगराज शालिग्राम बडगुजर

स्थळ : नवागाम, सुरत
दिनांक : १८ नोव्हेंबर २०२५

सोबत :
१) श्रीमती शोभाबाई यांचे निवेदन, त्यांच्या सहीसह.
२) श्री. पंडित यांचे हत्तीविषयीचे पत्र.
३) कु. गायत्री हिचे स्वतःच्या हस्ताक्षरातील एका ओळीचे निवेदन : "माझे पप्पा खरंच हरतात, त्यांना हरू द्या."