प्लॉट तेवीसचं तण

क्रॅगथॉर्प, यॉर्कशायर
१४ जून १९७६

सौ. एनिड हिस,
अनेक उत्तम आशीर्वाद. धाकट्या बहिणीला ते द्यावेच लागतात, म्हणून.

तुझं दार माझ्या दारापासून चौदावं. तरी हे पत्र साडेसहा पेन्सचं तिकीट लावून पाठवते आहे, कारण बागसमितीची नोटीस मागे घेतली जाईपर्यंत तुझ्याशी बोलायचं नाही असं मी ठरवलं आहे. लिहायचं नाही असं ठरवलेलं नाही.

नोटिशीवर सही अध्यक्षांची, म्हणजे तुझ्या क्लिफर्डरावांची. ती मी मनाला लावून घेतली नसती. त्यांच्याकडून दुसरी अपेक्षा मी कधी केलीच नाही. पण नोटीस टाइप केलेली आहे, आणि प्रत्येक ओळीत तेच एक अक्षर अर्धं वर उडी मारतं. तो टाइपरायटर तुझ्या लग्नात मीच दिला होता, एनिड.

मजकूर तुला पाठ असेलच. नियम अकराप्रमाणे गवत, खाजरी झुडपं आणि ब्लॅकबेरीच्या काटेरी वेली हे सगळं तण. भाजी-फळं लावायला समितीने भाड्याने दिलेला माझा प्लॉट निम्म्याहून जास्त तणाखाली. पाच सप्टेंबरपर्यंत मी साफ करावा, नाहीतर समिती साफ करील आणि प्लॉट काढून घेईल. मग तिथे म्हणे समितीच्या मोटारी उभ्या राहणार. मोजणीला क्लिफर्डराव जातीने आले होते, हातात टेप, कानावर पेन्सिल. तारांवर ओळीने बांधलेल्या, फांदीन् फांदी मोकळी पसरलेल्या माझ्या वेली त्यांनी पाहिल्या आणि वहीत लिहिलं, तण.

जुनं उकरत नाही, पण आठवण देते. स्टॅन्ली गेला तेव्हा त्याचा प्लॉट दोन, सकाळपासून संध्याकाळपर्यंत उन्हाचा, बायकोच्या नावावर करता येत नाही असा नियम निघाला. तो कुणाला मिळाला हे तुला सांगायला नको, तिथलेच वाटाणे तू सोलतेस. मला मिळाला तळाचा तेवीस. दक्षिणेला गिरणीची भिंत, डोक्यावर सिकॅमोरची झाडं, ऊन म्हणाल तर सकाळचे दोन तास. क्लिफर्डराव तेव्हा म्हणाले होते की थर्झाला नाहीतरी उन्हाचा त्रासच होतो. स्टॅन्लीच्या कुंपणावरच्या ब्लॅकबेरी त्यांनी उपटून फेकल्या, त्यांचीच मुळं मी हातगाडीत घालून खाली नेली. आज दहा वर्षं त्या तिथे आहेत. माझी गिरणी सुटली, नवरा गेला. सकाळी उठून बूट चढवायला मला तेवढं एकच कारण उरलं आहे, हे तुझ्या यजमानांना सांग.

कळावे. लोभ सध्या पेटीत ठेवला आहे. नोटीस फाटली की बाहेर काढीन.
तुझी,
थर्झा


२७ जून १९७६

ती. थर्झाताईस,
सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. पोस्टमन दारातच खोळंबून विचारत होता की दोघींपैकी कोणी अंथरुणाला खिळलं आहे का. मी सांगितलं, नाही, दोघी धडधाकट आहोत, दुखणं डोक्यात आहे.

नोटीस मी टाइप केली, हे खरं. एकतीस वर्षं हे समोर ठेवतील ते मी टाइप करते, आणि मी समोर ठेवीन त्यावर हे सही करतात. दोघांपैकी कोणीच वाचत नाही. वाचत बसलो असतो तर एकतीस वर्षं झाली नसती.

इकडची हवा तुला ठाऊकच आहे. अंगाची लाही होते आहे. नळीने पाणी घालायला बंदी आल्यापासून ह्यांचा जीव समितीच्या वार्षिक प्रदर्शनासाठी लावलेल्या लीकच्या कांदापातीत अडकला आहे. आता नवीन शिस्त: रविवारी टबात वीतभर पाणी, आधी मी, मग हे, आणि मग ते पाणी बादल्यांनी प्लॉट दोनवर. साबण बंद, कारण लीकच्या मुळांना साबण सोसत नाही. मला साबणाशिवाय सोसतं का, हा विषय समितीपुढे आलेला नाही.

ताई, एक ऐकशील? अर्ध्या वेली काढून टाक आणि तिथे बटाटे लाव. ह्यांना दोन सरी बटाट्यांच्या दिसल्या की ह्यांची वही बंद होईल. तूही मूळची हट्टी आणि हेही, मधे माझं सँडविच होतं.

पत्राने का होईना, बोलत राहावं ही विनंती.
तुझी,
एनिड


१८ जुलै १९७६

सौ. एनिड हिस,
आशीर्वाद, साबणासह.

सावलीत बटाटे लावायला सांगतेस! आपले वडील ऐकत असतील तर थडग्यात कूस बदलतील. सावलीला आंबट फळ लावावं लागतं. गोडीला ऊन हवं, आंबटाला ओल आणि धीर पुरतो. माझ्या भिंतीवर मोरेलो चेरी चढली आहे, तिच्या पायाशी रेडकरंटचे घोस लोंबताहेत, कोपऱ्यात ऱ्हुबार्बची पानं छत्रीएवढी झाली आहेत. ब्लॅकबेरीचं तर असं आहे की यंदा वाढलेली फांदी पुढच्या वर्षी फळते आणि फळली की मरते. म्हणजे क्लिफर्डरावांनी कोयता चालवला की पुढच्या वर्षाचं पीकही आडवं होणार. ते काही टेपने मोजता येत नाही.

वरचे प्लॉट पाहिलेस का? जमिनीला मनगट जाईल एवढ्या भेगा. घेवडा वेलीवरच वाळला, मटार उकडले, आणि लाल किड्यांच्या फौजा कॉलरमध्ये शिरताहेत. हिरवं म्हणून काही उरलं असेल तर ते माझं तण. रोज दुपारी वरची पुरुषमंडळी चहाचा थर्मास घेऊन माझ्या सावलीत येऊन बसतात. समितीतले म्हातारे मिस्टर पिकल्स तर माझ्या पालथ्या बादलीवरून उठायलाच तयार नसतात. येत नाहीत ते एकटे तुझे यजमान. टाय बांधून करपलेल्या प्लॉट दोनवर उभे असतात. सुंभ जळाला तरी पीळ जळत नाही.

आता मुद्द्याचं. जेलीचा कप नऊ वर्षं तुझ्या कपाटात आहे. प्रदर्शनाचा नियम चार असा की फळं स्वतःच्या प्लॉटवर लागवड केलेली हवीत, रानातली चालणार नाहीत, आणि तसं अध्यक्षांनी सहीनिशी लिहून द्यावं. नियम क्लिफर्डरावांचाच. दर वर्षी तू टाइप करतेस ‘ब्लॅकबेरी, प्लॉट दोन’, आणि ते सही करतात. प्लॉट दोनवर ब्लॅकबेरीचं पानसुद्धा नाही. मी टोपल्या भरून देत गेले आणि गप्प राहिले, कारण तुझा कप म्हणजे मला माझाच वाटे. पण आता तण ना? मग तणाची जेली कशी करतात ते समितीला विचार. यंदा टोपली घेऊन येऊ नकोस.

पेटीचं कुलूप अजून काढलेलं नाही.
थर्झा


८ ऑगस्ट १९७६

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र दोनदा वाचलं आणि ओट्याशी उभी राहून रडले. तू लिहिलंस त्यात खोटं काही नाही, त्याचंच रडू आलं.

इकडे लीक गेले. चार उरले आहेत, तेही पेन्सिलीएवढे. स्वीटपीची फुलं गेली, कांदे गेले. प्रदर्शन रद्द करावं असं तिघे म्हणाले. हे म्हणाले, दोन महायुद्धांत रद्द झालं नाही ते उन्हाने होणार नाही. मग घरी येऊन खुर्चीत बसले आणि म्हणाले की आता घराण्याची अब्रू तुझ्या जेलीवर. आणि ताई, नऊ वर्षांत पहिल्यांदा ह्यांनी विचारलं की आपल्या ब्लॅकबेरी प्लॉटच्या नेमक्या कुठल्या कोपऱ्यात आहेत.

मी सांगितलं. खरं तेच सांगितलं. मला वाटलं, माणूस हादरेल, निदान ओशाळेल. ह्यांनी थोडा वेळ मिशी ओढली आणि म्हणाले की शेवटी जेली आपल्या स्वयंपाकघरात होते, म्हणजे आपलीच. शिवाय वेळही जुळते आहे: तू आधी फळं तोडून घे, चार तारखेला प्रदर्शन, पाच तारखेला माणसं येऊन वेली कापतील, वाया काही जाणार नाही.

यावर मी काय बोलले असेन असं तुला वाटतं? चहा ओतला. त्या क्षणी मला माझीच जितकी शरम वाटली तितकी आयुष्यात वाटली नव्हती.

टोपली मागत नाही. तो हक्क मला नाही. फक्त तुला कळावं म्हणून लिहिलं.
तुझी,
एनिड


१० ऑगस्ट १९७६

एनिड,
आशीर्वाद.

क्लिफर्डरावांबद्दल मनात आलं ते सगळं लिहिलं आणि फाडलं. कागद महाग आहे.

टोपली फाटकाला अडकवून ठेवते. हवी तेवढी फळं तोड. वरच्या तारेवरची आधी घे, ती काळी झाली आहेत. मी प्रदर्शनात उभी राहून सगळ्यांसमोर सांगू शकते की नऊ कप कुठून आले. पिकल्सना नुसतं खुणावलं तरी काम होईल. पण लोकांपुढे तुला मान खाली घालावी लागली तर मलाच घास उतरणार नाही. प्लॉट जाईल तर जाऊ दे. माझी तक्रार त्यांच्याशी आहे, आणि त्यांच्यासाठी मी तुझा बळी देणार नाही.

जेलीत साखर कमी घाल. दर वर्षी जास्त घालतेस.
थर्झा


३० ऑगस्ट १९७६

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

सहा बरण्या झाल्या. रंग असा उतरला आहे की खिडकीत ठेवल्यावर शेजारीण आत डोकावली. साखर कमी घातली, तू म्हणतेस तेच बरोबर होतं. पाऊसही आला एकदाचा, सगळं करपून झाल्यावर.

प्रवेशपत्रं टाइप करून ह्यांच्यापुढे ठेवली. नेहमीसारख्या चहा पिता पिता सह्या झाल्या.

शनिवारी ये. निळी टोपी घालून ये, आणि मागे उभी राहू नकोस.
तुझी,
एनिड


६ सप्टेंबर १९७६

श्रीमती थर्झा अ‍ॅकरॉइड यांस,
स. न. वि. वि.

विषय: प्लॉट क्रमांक तेवीस.

हे पत्र हस्ताक्षरात आहे, कारण समितीची टंकलेखनाची सोय शनिवार संध्याकाळपासून बंद आहे.

शनिवारी आपण मंडपात पुढेच उभ्या होतात, तरी दप्तरी नोंद असावी म्हणून लिहितो. हॅलिफॅक्सहून आलेल्या परीक्षक बाईंनी जेली उजेडात धरली, चाखली आणि पहिला क्रमांक दिला. प्रथेप्रमाणे मी बरणीवरचं कार्ड भोंग्यावरून वाचायला घेतलं. त्यावर असं होतं: ‘फळं थर्झा अ‍ॅकरॉइड यांची, प्लॉट तेवीस. शिजवणारी एनिड बॅराक्लफ. गेल्या नऊ वर्षांची फळंही तिथलीच.’ भोंग्यावर एकदा सुरू केलेलं वाक्य मधे गिळता येत नाही. कप आपल्या हातात देताना मी हसलो नाही असं लोक म्हणतात. मी हसत होतो.

त्यानंतरच्या तातडीच्या बैठकीत मिस्टर पिकल्स यांनी दोन कागद शेजारी शेजारी ठेवले. जूनच्या नोटिशीत प्लॉट तेवीसवरच्या वेली तण असल्याचं लिहिलं आहे, माझी सही. प्रवेशपत्रात त्याच वेली लागवडीचं पीक असून मी त्याची जातीने खात्री करून घेतल्याचं लिहिलं आहे, माझी सही. हे कसं, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, मधे पाऊस झाला. ते मान्य झालं नाही. नोटीस पाच विरुद्ध एक मतांनी रद्द करण्यात आली आहे. मोटारींसाठी प्लॉट दोन योग्य ठरेल, तिथे वाळायचं ते वाळून गेलंच आहे, अशीही सूचना आली आहे. तिचा विचार पुढील बैठकीत होईल.

समितीच्या कामाबाहेरची एक बाब. एनिड शनिवारी मंडपातून थेट आपल्या बरोबर आली ती परतलेली नाही. तिचा निरोप एवढाच मिळाला की ओव्हनची कळ डावीकडे फिरते. काल रविवार असून मी पाव आणि गार मटण खाल्लं. चार लीक अजून जिवंत आहेत, उन्हासाठी मी घातलेल्या छपराखाली असल्याने त्यांना पाऊस लागत नाही, आणि रविवारचं पाणी त्यांना मिळालेलं नाही. ती केव्हा येणार, हे कळवल्यास आभारी होईन.

आपला,
क्लिफर्ड बॅराक्लफ
(अध्यक्ष, तूर्त)


७ सप्टेंबर १९७६

क्लिफर्डराव यांस,
स. न. वि. वि.

पत्र मिळालं. नोटीस रद्द झाल्याचं वाचून आनंद झाला. तुमचं अक्षर वाचून नाही.

शनिवारी एनिड काय करणार आहे हे मला ठाऊक नव्हतं. तुम्ही कार्ड वाचत होतात तेव्हा ती माझ्या शेजारी उभी होती, माझ्या बाहीला घट्ट धरून. नऊ कपांवर तिने स्वतःच्या हाताने पाणी सोडलं. माझ्याच्याने ते झालं असतं की नाही, मला सांगता येणार नाही. तुम्ही त्या बाईबरोबर एकतीस वर्षं राहिलात, तरी तुम्हाला लीक जास्त ओळखीचे आहेत.

ती बरी आहे. तुम्ही बैठकीत होतात तेव्हा टाइपरायटर मी हातगाडीत घालून इकडे आणला. हे पत्र टाइप करून झालं की आंघोळीला बसणार आहे. टब काठोकाठ भरून ठेवला आहे, गरम, आणि लव्हेंडरच्या साबणाची नवी वडी फोडली आहे. बंदी नळीला आहे, टबाला नाही. ते पाणी मोरीत जाईल. केव्हा येणार म्हणाल, तर अंग स्वच्छ झालं की ती विचार करील म्हणते, आणि उन्हाळाभराचा मळ आहे.

लोभ आहे तेवढाच असू द्यावा. वाढवायची घाई नाही.
थर्झा अ‍ॅकरॉइड
प्लॉट तेवीस

ता. क. सोबत एक कागद जोडला आहे: नवऱ्याच्या मागे त्याचा प्लॉट बायकोच्या नावावर व्हावा, आणि हे मागच्या दहा वर्षांपासून लागू धरावं. टाइप एनिडनेच केला आहे. खाली तुमच्या सहीची जागा सोडली आहे. या वेळी आधी वाचा.