एका भिंतीसाठी लग्न

३ फेब्रुवारी, सोमवार. सकाळी ७.१०
आजपासून रोजनिशी. बावीस वर्षं बोईसर-पालघर पट्ट्यात शूटिंगवाल्यांना लोकेशन्स दाखवतोय. सगळं स्वतः शिकलो. पडद्यावर नाव मात्र 'स्थानिक सहकार्य' मध्ये, तेही चौदा जणांच्या गर्दीत. या वेळी दिग्दर्शक मेहुल सरांनी शब्द दिलाय. आदिवासी घराचा सीन मी उभा केला, तर 'प्रोडक्शन डिझायनर : प्रफुल्ल'. बायकोला सांगितलं. भावना म्हणाली, आधी बाथरूमच्या कडीचं डिझाइन करा. कलाकार समजायला वेळ लागतो. लग्नाला एकोणीसच वर्षं झालीत.

५ फेब्रुवारी, बुधवार
नागझरीच्या पुढच्या पाड्यावर बुधाचं घर नक्की केलं. कुडाच्या भिंती, ताजं सारवण, उजेड पूर्वेचा. भिंतीवर वारली चित्र हवंय. मुंबईवाले छापील कागद चिकटवतात. माझ्या सेटवर नाही. बुधाच्या बायकोला, लाडकीला, लग्नचौक काढायला सांगितलं. तांदळाचं पीठ, मधोमध देवी, चौकटीची नक्षी चार बोटं. ती म्हणाली, काढन की, पन लगीन कोणाचा हाय? म्हटलं, सिनेमातल्या हिरोचं. म्हणाली, मंग त्याचे घरी जाऊन काढा.
लग्नाशिवाय चौक काढत नाहीत, हे मला अर्थात माहीत होतं. ऐन वेळी आठवलं नाही इतकंच.

७ फेब्रुवारी, शुक्रवार
तिसरी फेरी. लाडकी म्हणते, देवी काय शूटिंगला बसल? पाड्यावर कुणाचं लग्न ठरलंय का, विचारलं. नाही. तेवढ्यात बुधा खाली बघून म्हणाला, शेट, आमचा हाय की बाकी.
खुलासा झाला. दोघं तीस वर्षं एकत्र राहतात, दोन नातवंडं आहेत. सवडीने लग्न करू म्हणून राहून गेलं. इकडे तशी रीतच आहे. लाडकी लाजली, मग बुधावर उखडली. एवढी वरसं तोंड शिवलेला काय तुजा?
म्हणजे लग्न खरं, चौक खरा. याला म्हणतात प्लॅनिंग.

१६ फेब्रुवारी, रविवार
लग्न लावणाऱ्या धवलेरीला, नवसीला, भेटायला गेलो. बोईसरला मासे आणायला गेली होती. तिच्याकडे फोन नाही. चार तास बसलो.

१७ फेब्रुवारी, सोमवार
नवसी भेटली. म्हणाली, लगीन येत्या ऐतवारी. म्हटलं, जरा आधी? म्हणाली, तू नवरा हायस काय? शूटिंग मंगळवारी आहे. म्हणजे दोन दिवस हातात. मी असंच ठरवलं होतं.

२३ फेब्रुवारी, रविवार
लग्न झालं. चौक असा, की बोटांनी मोजायचंही दहा मिनिटं विसरलो. नक्षी साडेतीन बोटं आहे, पण चालेल.
पाहुणे पंचवीस धरले होते. आले दोनशे. वाढायला माणूस नाही. शेवटी भात मी उतरवला. डाळीत मीठ कमी होतं, तेही दुरुस्त केलं. नेमकी तेव्हाच प्रोडक्शनची स्वाती मॅडम लोकेशन बघायला आली. हातात डाव घेऊनच तिला भिंतीचे बारा मुद्दे समजावले. तिने तीनदा डाळ घेतली. प्रभाव पडलाय.

२५ फेब्रुवारी, मंगळवार
शूटिंग. मेहुल सर भिंतीकडे बघत राहिले. मग म्हणाले, प्रफुल्लजी, वो गोल-गोल नाचनेवाले किधर हैं? ते उतरलेत त्या हॉटेलच्या लॉबीत तसे आहेत म्हणे. सांगितलं, हा लग्नचौक आहे, यात देवी मुख्य. म्हणाले, असली नहीं लगता. मुंबईहून छापील कागद आलाच होता.
लाडकी हळदीच्या अंगाने भिंतीला पाठ लावून उभी राहिली. देवीवर कागद डकवायचा नाय. लगीन झालाय आमचा हिते. कुणाची हिंमत झाली नाही. माझीही. मी कोणाच्या बाजूने आहे, असं लाडकीनेही विचारलं, मेहुल सरांनीही. मी उजेड तपासत होतो.
शेवटी कॅमेराच फिरवला. सीन शेळ्यांच्या गोठ्यापुढे झाला. भिंत कॅमेऱ्याच्या मागे. विचार केला तर हेच बरोबर. नटाला समोर खरी भिंत दिसली की अभिनय आपोआप खरा होतो. हे मेहुल सरांना सांगायला गेलो. ते म्हणाले, फ्रेम से हटो.

२६ फेब्रुवारी, बुधवार. संध्याकाळी ६
नावांची यादी व्हॉट्सॲपवर आली. प्रोडक्शन डिझायनर : ललित. छापील कागद त्याने आणला होता. मी स्वाती मॅडमला फोन केला. ती खूश होती. तुमचं नाव पडद्यावर वेगळ्या पाटीवर घेतलंय, मी स्वतः सांगितलं, म्हणाली. पुन्हा बघितलं. आहे. 'भोजन व्यवस्था : प्रफुल्ल'.
म्हटलं, चूक झालीय. म्हणाली, बघू हां, पण उद्या सकाळी सहाला साठ जणांचे पोहे लागतील, जमेल ना?
ठामपणे नाही म्हणणार होतो.
पोहे जाड घ्यायला हवेत. पातळ घेतले की अर्ध्या तासात गोळा होतो, आणि हे युनिटमध्ये एकालाही कळत नाही. कांदा मी स्वतः चिरणार.